किल्लेदाराचा श्वास

लेआर्को बोनफात्तीने आठ वर्षांत बारा ऑपेरा-सिनेमे केले आणि त्यातल्या एकातही त्याचा आवाज नव्हता. ओठ त्याचे, मान त्याची, डोळे त्याचे, जरीचे अंगरखे त्याच्या मापाचे. गळा मात्र ओलिंतो मालविसींचा. यात लपवाछपवी नव्हती. पडद्यावर दोघांचीही नावं यायची, फक्त मालविसींचं आधी आणि मोठ्या अक्षरांत. रोमच्या स्टुडिओंत महायुद्धानंतर ही रीतच पडली होती. ज्यांना गाता येई ते शंभर किलोंचे असत आणि मरणाच्या प्रसंगातही बसची वाट बघत असल्यासारखे उभे राहत. ज्यांना मरता येई त्यांना गाता येत नसे. मग एकाचा गळा आणि दुसऱ्याचं थोबाड असा संसार लावून द्यायचे. पुष्कळ संसार चालतात तसा तोही चालून जायचा.

लेआर्कोला मरता फार छान येई. बारापैकी नऊ सिनेमांत तो मेला होता. पण त्याची खरी करामत वेगळी होती. सेटवर गाणं कर्ण्यातून मोठ्याने लावत, तेव्हा बाकीचे नट नुसते ओठ हलवायचे, तोंडात पावाचा तुकडा घोळवावा तसे. लेआर्को मात्र खरोखर गायचा. पूर्ण ताकदीने, छाती भरून, आपल्या त्या कावळ्याच्या आवाजात. दिवे धरणारी पोरं कानांत कापूस घालून बसत, नट्या डोकं दुखतंय सांगून रजा मागत, पण पडद्यावर बघावं तर त्याच्या मानेची शीर बरोबर ज्या सुराला फुगायला हवी त्या सुराला फुगलेली असे. लोकांना वाटायचं, हाच गातोय. ज्यांना ठाऊक होतं त्यांनाही वाटायचं.

त्यासाठी तो मेहनतही तशी घेई. शूटिंगच्या सहा आठवडे आधी त्याच्या घरी मालविसींच्या गाण्याची रेकॉर्ड यायची. ती तो शंभरदा ऐके आणि तांबड्या पेन्सिलीने शब्दांच्या मधे खुणा करी: इथे श्वास, इथे अर्धा, इथे नाकाने. दोघांची भेट आठ वर्षांत एकदाही झाली नव्हती, कारण मालविसी थंडीत गाऊन मोकळे होत आणि शूटिंग उन्हाळ्यात होई. पण मालविसी कुठे थकतात, कुठे लबाडी करतात, कुठल्या सुराआधी घाबरतात, हे लेआर्कोला त्यांच्या बायकोपेक्षा जास्त ठाऊक असणार.

हे सगळं जगाला आवडलं. फक्त पार्मा गावातल्या एका न्हाव्याला आवडलं नाही, आणि तो न्हावी लेआर्कोचा बाप होता.

आर्दिलिओ बोनफात्तीचं दुकान नाट्यगृहाच्या मागच्या गल्लीत. पन्नास वर्षं तो वरच्या गॅलरीत उभा राहून ऑपेरा ऐकत आला होता. पार्म्याची वरची गॅलरी म्हणजे काय चीज आहे हे ज्याने तिच्यासमोर गायलंय त्यालाच विचारावं. मिलानमध्ये फुलांत न्हालेली माणसं इथून मागच्या दाराने पळालेली आहेत. इथे शिट्टी ही दाद नव्हे, शिवी आहे, आणि ती वाजवणारे लोक कोण, तर खाटीक, शिंपी, सायकली दुरुस्त करणारे आणि न्हावी. आर्दिलिओने आयुष्यात दोनच स्वप्नं पाहिली. एक, दुकानात गरम पाण्याचा नळ. दुसरं, आपला पोरगा याच रंगमंचावर बॅरिटोन म्हणून, म्हणजे तो खोल, बापमाणसाचा आवाज घेऊन, ‘किल्लेदार’ हा ऑपेरा गाईल. पोराला त्याने सातव्या वर्षापासून शिकवणी लावली. गॅलरीत सगळ्यांना सांगून ठेवलं. सोळाव्या वर्षी पोराचा आवाज फुटला, आणि बाकी पोरांचा फुटून पुन्हा जुळतो तसा तो जुळलाच नाही. बापाने शिकवणी बंद केली आणि तो विषयही बंद केला. नळ मात्र आला.

म्हणून लेआर्को नट झाला तेव्हा आर्दिलिओ गप्प राहिला, पण परक्याचा गळा लावून पडद्यावर उभा राहिला तेव्हा त्याला ते झोंबलं. मुलाचा एकही सिनेमा तो बघायला गेला नाही. दुकानात पोस्टर लावलं नाही. ईस्टरला मुलगा घरी आला की बाप रश्शातल्या आनोलिनीवर, त्या मांस भरलेल्या इवल्या कानोल्यांवर, ताव मारता मारता म्हणायचा, “दाढी करायची एकाची आणि पावडर लावायची दुसऱ्याला, असला धंदा तुझा!”

“लोकांना आवडतं, बाबा.”

“लोकांना साखर घातलेली वाईनसुद्धा आवडते.”

लेआर्को हसून वाडगं पुढे करायचा. चाळिशी उलटली होती, रोममध्ये बायका वळून बघत, पण या एका माणसाने एकदा, फक्त एकदा, ‘बरं केलंस’ म्हणावं, एवढ्यासाठी त्याचा जीव टांगलेला असे. हे त्याला स्वतःलाही ठाऊक होतं आणि त्याचा रागही येई.

पंचावन्न साली बारावा सिनेमा ठरला, आणि तो ‘किल्लेदार’ निघाला.

‘किल्लेदार’चा संगीतकार पार्म्याजवळच्या खेड्यातला, त्यामुळे हा ऑपेरा म्हणजे पार्म्याची खाजगी मालमत्ता. गोष्ट साधी आहे. किल्लेदाराचा तरुण मुलगा फितूर होऊन शत्रूला दार उघडतो, आणि शिक्षेच्या कागदावर सही करायची पाळी बापावर येते. सहीच्या आधी बाप मुलाच्या डोक्यावर हात ठेवून एकच ओळ गातो: ‘हे मस्तक याच हातांत पहिल्यांदा रडलं आणि याच हातांनी मी ते आज देतो.’ लांबलचक, चढत जाणारी, मग अलगद उतरणारी ओळ. पार्म्याचा नियम असा की ही ओळ एका श्वासात गायची. संगीतकाराने तसं कुठेही लिहिलेलं नाही. साठ वर्षांपूर्वी कुणा एका पठ्ठ्याने ती एका दमात गायली, गॅलरी वेडी झाली, आणि तेव्हापासून तो कायदा झाला. मधे श्वास घेणाऱ्याला शिट्ट्यांनी सोलून काढतात. मोठमोठे गवई या एका ओळीपायी पार्म्याकडे फिरकत नाहीत.

रेकॉर्ड आली. लेआर्कोने ती लावली, त्या ओळीपाशी आला, आणि सुई उचलून पुन्हा मागे ठेवली. मालविसींनी मधे श्वास घेतला होता. ‘आणि’च्या आधी, छोटासा, चोरटा, पण घेतला होता. माणूस साठीला टेकला होता. लेआर्कोला वाईट वाटलं. आठ वर्षं ज्या छातीबरोबर आपली छाती हलवली ती थकली, हे कळल्यावर वाटतं तसं वाटलं. त्याने तांबड्या पेन्सिलीने खूण केली आणि सहा आठवडे त्याच श्वासासकट तालीम केली.

शूटिंगच्या दिवशी किल्ल्याचा पुठ्ठ्याचा बुरूज तयार होता, मुलाचं काम करणारा पोरगा गुडघ्यांवर बसला होता, कॅमेरा लेआर्कोच्या तोंडापासून हातभर अंतरावर होता. गाणं सुरू झालं. ती ओळ आली, लेआर्कोने ‘आणि’च्या आधी श्वास घेतला, पण आवाज थांबलाच नाही. सरळ पुढे निघून गेला.

त्याने हात वर करून काम थांबवलं आणि ध्वनिमुद्रण बघणाऱ्या क्विरिनोकडे गेला. क्विरिनो रोमचाच, बोलका माणूस, पण आज टेपच्या चाकांत डोकं घालून बसला होता.

“क्विरिनो, श्वास कुठे गेला?”

“कसला श्वास?”

“मला शिकवतोस? रेकॉर्डवर होता.”

क्विरिनोने इकडेतिकडे बघितलं. “हळू बोल की रे बाबा! मालविसी पुन्हा दोनदा येऊन गेले. नाही जमलं. म्हातारा रडकुंडीला आला होता. म्हणून मग दोन तुकडे वेगवेगळे घेतले आणि जोडले. चिकटपट्टी लावून. इतकी सफाई आहे की देवालाही कळायचं नाही.”

“मला कळलं.”

“तू देवाच्या पलीकडचा आहेस. हे बघ, जानेवारीत ते तुमच्या पार्म्यात हेच गाणार आहेत. निरोपाचा प्रयोग. कुणाकडे बोलू नकोस.”

लेआर्को परत जागेवर आला. त्या वेळी त्याने नुसते ओठ हलवले असते तर काही बिघडलं नसतं. दुसऱ्या कुठल्याही नटाने तेच केलं असतं. पण हा अडेलतट्टू, याला खोटं गाता येत नव्हतं. त्याने पुन्हा छाती भरली आणि पूर्ण आवाजात गायला. दोन श्वासांची ओळ एका छातीत कशी मावणार? ‘रडलं’पर्यंत आला तेव्हा डोळ्यांपुढे काजवे चमकले. त्याचे ओठ उघडले, खांदे इतकेसे वर गेले, आणि मालविसींनी जिथे श्वास घेतला होता बरोबर तिथेच त्याच्या शरीराने तो घेऊन टाकला.

“सुंदर!” दिग्दर्शक ओरडला.

“पुन्हा घेऊ. मी श्वास घेतला.”

“कोण बघतंय?”

“पार्मा बघेल.”

दिग्दर्शक नेपल्सचा होता. तो हसला, बुरूज पाडायला सांगितला, आणि दुसऱ्या दिवशी त्याच जागी दुसऱ्या सिनेमाचं सर्कशीचं रिंगण उभं राहिलं.

नोव्हेंबरच्या एका रविवारी दुपारी पार्म्यात सिनेमा लागला. लेआर्को मुद्दाम आला होता. आणि आश्चर्य म्हणजे आर्दिलिओही निघाला. ठेवणीतली टोपी, घट्ट कॉलर, मिशीला मेण. “तुझ्यासाठी नाही,” त्याने दारातच बजावलं, “किल्लेदारासाठी येतोय.” बरोबर सगळी गॅलरी होती. बापाच्या शेजारच्या खुर्चीत घोड्याच्या मटणाचं दुकान चालवणारा गिनी बसला. गिनीचा आवाज त्याच्या सुऱ्याइतकाच धारदार, आणि शिट्टी तर त्याहून.

दोन अंक नीट गेले. लेआर्को पडदा बघतच नव्हता, अंधारात बापाचा चेहरा बघत होता. दुसऱ्या अंकाच्या शेवटी बापाची मान हळूच डोलली. लेआर्को खुर्चीच्या कडेवर सरकून बसला, लहानपणी बक्षिसांची नावं वाचली जाताना बसायचा तसा.

मग ती ओळ आली. मालविसींचा आवाज चढला, पसरला, एका दमात पुढे निघाला, आणि पडद्यावर भिंतीएवढ्या मोठ्या चेहऱ्याने मधेच तोंड उघडून श्वास घेतला.

दोन क्षण कुणालाच काही कळलं नाही. मग गिनीने तोंड सोडलं, “ए! आवाज गेला पुढं, आणि बोनफात्तीचं पोरगं राहिलं मागं! थांबा की हो त्याच्यासाठी!”

सिनेमागृह फुटलं. लोक खुर्च्यांवर हात आपटून हसले. कुणी म्हणालं, “त्याला दम लागला हो, न गाताच दम लागला!” पुढे किल्लेदाराने सही केली, मुलाचं डोकं उडालं, तरी लोकांचं हसू थांबलं नव्हतं. आर्दिलिओ शेवटपर्यंत ताठ बसून राहिला. दिवे लागल्यावर त्याने टोपी घातली आणि कुणाकडेही न बघता बाहेर पडला.

रस्त्यावर लेआर्कोने त्याला गाठलं. “बाबा...”

“बोलू नकोस.”

“ऐका तरी.”

“काय ऐकू? आवाज तुझा नाही. बरं. सूर तुझे नाहीत. बरं. एकच काम तुझ्याकडे होतं, कधी तोंड उघडायचं आणि कधी मिटायचं. गॅलरीत वाढलेल्या पोराला तेवढं येऊ नये? ती ओळ मी तुला पाळण्यात ऐकवलीय, गाढवा!” म्हाताऱ्याचा आवाज चिरकला. “पन्नास वर्षं मी या गावात इतरांना हसत आलो. आज गाव मला हसलं.”

खरं काय ते लेआर्कोच्या जिभेच्या टोकावर होतं. एक वाक्य पुरलं असतं: बाबा, श्वास मालविसींनी घेतला, तो टेपवरून कापला. पण बापाला सांगणं म्हणजे दुकानाला सांगणं, दुकानाला सांगणं म्हणजे गिनीला सांगणं, आणि मग जानेवारीत मालविसी रंगमंचावर पाऊल टाकायच्या आत गॅलरी शिट्ट्यांसाठी ओठ ओले करून बसली असती. साठ वर्षांच्या माणसाचा निरोपाचा प्रयोग. लेआर्कोने ते वाक्य गिळलं.

“चुकलो, बाबा,” तो म्हणाला.

बापाने मान फिरवली आणि चालू लागला.

ही चेष्टा पार्म्यात राहिली असती तरी चाललं असतं, पण ती एका वर्तमानपत्रवाल्याने उचलली आणि रोमपर्यंत पोचवली. तसाही ऑपेरा-सिनेमांचा बाजार उठत चालला होता. लोकांना आता रंगीत सिनेमे हवे होते, रथ हवे होते. निर्मात्याला निमित्त मिळालं. तेरावा सिनेमा रद्द झाल्याची चिठ्ठी आली, त्यात लेआर्कोच्या तब्येतीची प्रेमाने चौकशी केली होती. नाताळात तो पार्म्याला आला आणि तिथेच राहिला. दुकानामागे एक खोलीवजा अंधारी जागा होती तिथे झोपायचा. बाप त्याच्याशी मीठ दे, दार लाव, एवढंच बोलायचा. गिऱ्हाइकं त्याला बघून मोठा श्वास घेत आणि साबणाच्या फेसातून खिदळत.

जानेवारीतल्या त्या रविवारी गावावर धुकं बसलं होतं. प्रयोग दुपारी तीनचा. अकरा वाजता नाट्यगृहाचा द्वारपाल दुकानात आला आणि म्हणाला, “मालविसीसाहेबांनी नटाला बोलावलंय.”

आर्दिलिओचा वस्तरा गिऱ्हाइकाच्या गालावर थांबला. “कशाला? शिव्या घालायला असेल. जा, खाऊन ये.”

मालविसी रंगपटात नुसत्या गंजिफ्रॉकवर बसले होते. पडद्यामागे माणसं नेहमी लहान दिसतात, हा माणूस मात्र मोठाच दिसत होता. मोठा आणि घाबरलेला. समोर कपात कच्चं अंडं होतं, त्याला हात लावलेला नव्हता. त्यांनी लेआर्कोचा चेहरा निरखला.

“तर हे माझं तोंड,” ते म्हणाले.

“आणि हा माझा गळा,” लेआर्को म्हणाला. दोघेही कसनुसे हसले.

“बसा. मला क्विरिनोने सांगितलं. तुम्हाला चिकटपट्टीचं ठाऊक होतं. गाव तुम्हाला हसलं, काम गेलं, आणि तुम्ही एक शब्द बोलला नाहीत. का?”

“सांगून काय झालं असतं, माएस्त्रो? त्यांनी मला सोडून तुम्हाला धरलं असतं.”

मालविसींनी कप सरकवला. “आज धरतीलच. मला जमत नाही ती ओळ. दोन वर्षं झाली. सकाळी उठून म्हणून बघतो, ‘रडलं’पर्यंत जातो आणि विहीर आटते. पुढचं सगळं जमतं, तेवढं एक नाही. सिनेमात एका दमात ऐकलंय त्यांनी. आज ते माझा एकेक श्वास मोजणार. मी मॅनेजरला सांगणार होतो घसा बसलाय म्हणून. त्याआधी तुमची माफी मागावी म्हटलं.”

लेआर्कोला एकदम राग आला. कुणाचा ते त्याला नीट कळलं नाही. गॅलरीचा असेल, साठ वर्षांपूर्वीच्या त्या पठ्ठ्याचा असेल. तो उभा राहिला.

“श्वास घ्या की मग.”

“वेडे आहात का? पार्म्यात?”

“चोरून घेऊ नका. रेकॉर्डवर तुम्ही चोरून घेतला होता, म्हणून तो चूक वाटला. उघड घ्या. माएस्त्रो, मी तो सहा आठवडे रोज घेतलाय. तुमच्या शब्दांत, तुमच्या जागी. तो माणूस काय म्हणतोय बघा. हे मस्तक याच हातांत पहिल्यांदा रडलं. आता पुढे ‘आणि’ म्हणायचंय. ‘आणि याच हातांनी देतो.’ कुठला बाप न थांबता हे म्हणेल? जो एका दमात म्हणतो तो बाप नाही, तो गवई आहे.”

मालविसी पुढे सरकून बसले.

“हात डोक्यावरून काढा,” लेआर्को आता त्यांच्या समोर गुडघ्यांवर बसला होता आणि त्यांचा जड हात त्याने स्वतःच्या डोक्यावर ठेवला होता. “रडलं. इथे उचला हात. म्हणवत नाहीये तुम्हाला. सबंध नाट्यगृहाला दिसू दे की म्हणवत नाहीये. आता श्वास, खांद्यापासून, लाज न बाळगता. आणि मग हात परत ठेवा. आणि...”

मालविसींनी हात उचलला. श्वास घेतला. हात परत ठेवला. हलक्या आवाजात, फक्त त्या खोलीपुरती, ओळ पुरी केली. मग बराच वेळ हात तिथेच राहिला.

“चाळीस वर्षांत मला हे कुणी शिकवलं नाही,” ते म्हणाले.

“तुम्हाला गाता येत होतं ना. कशाला शिकवतील?”

वरच्या गॅलरीत तीन वाजता मुंगी शिरायला जागा नव्हती. लेआर्कोला बापाच्या शेजारी उभं राहावं लागलं, कारण गर्दीने दोघांना तसंच ढकललं होतं. बापाच्या पलीकडे गिनी. तो आनंदात होता. “आज बघ खरी चीज,” त्याने लेआर्कोला ऐकवलं, “तोंड आणि गळा एकाच माणसाचा.”

पहिले दोन अंक मालविसींनी जपून गायले. गॅलरी मान हलवत होती पण हात राखून होती. सगळे त्या ओळीसाठी थांबले होते. तिसऱ्या अंकात किल्लेदार पुढे आला, मुलगा गुडघ्यांवर बसला, हात डोक्यावर गेला. लेआर्कोची छाती सवयीने भरली. त्याला काही केल्या ते थांबवता येईना.

‘हे मस्तक याच हातांत पहिल्यांदा रडलं’

हात उचलला गेला. सूर थांबला. दोन हजार लोकांसमोर ओलिंतो मालविसींनी उघड्या तोंडाने, खांदे हलवून, श्वास घेतला. बुडणारा वर येऊन घेतो तसा. आणि आर्दिलिओच्या कानाशी त्याच क्षणी, त्याच मापाचा दुसरा एक श्वास वाजला. त्याचा मुलगा डोळे मिटून उभा होता.

गिनीची दोन बोटं तोंडात गेली होती. आर्दिलिओने त्याचं मनगट पकडलं. न्हाव्याची पकड होती ती, पन्नास वर्षं हलणारी डोकी जागच्या जागी धरलेली.

“अरे सोड! श्वास घेतला त्यानं!”

“ऐकू आलं मला,” आर्दिलिओ दातांतून म्हणाला. “वाजवलीस तर बोट तोडीन.”

रंगमंचावर किल्लेदाराचा हात परत मुलाच्या डोक्यावर आला. ‘आणि याच हातांनी मी ते आज देतो.’ शेवटचा सूर इतका बारीक उतरला की खाली कुणीतरी हुंदका दिला तो वरपर्यंत ऐकू आला. मग काहीच नाही. गॅलरीत लोक एकमेकांकडे बघू लागले, कायदा मोडला होता आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, आता करायचं काय? कोपऱ्यातल्या एका सायकलवाल्याने टाळी वाजवली. मग सगळं नाट्यगृह कोसळलं. गिनीसुद्धा वाजवत होता, कठड्यावर एका हाताने, कारण दुसरा अजून आर्दिलिओने धरलेला होता. आर्दिलिओ रंगमंचाकडे बघतच नव्हता. तो मुलाकडे बघत होता.

बाहेर धुकं इतकं होतं की चार हातांवरचं दिसत नव्हतं. लोक मालविसींबद्दल बोलत जात होते. म्हाताऱ्याला साठाव्या वर्षी अभिनय सुचला, असं कुणीतरी म्हणालं. बापलेक गल्लीच्या तोंडापर्यंत आले. तिथे आर्दिलिओ थांबला.

“सिनेमात तू इथेच घेतला होतास.”

“काय?”

“श्वास. ‘आणि’च्या आधी. तुझा नव्हता तो. त्याचा होता. काढून टाकला ना त्यांनी?”

“मला काय माहीत, बाबा. मी नट आहे. ते यंत्रांचं काम.”

“खोटं बोलताना तुझे कान लाल होतात. तू आठ वर्षांचा होतास तेव्हापासून होतात.”

“धुक्यात तुम्हाला माझे कान दिसतात?”

“मला दिसतात.” आर्दिलिओने टोपी काढली, उगाच झटकली, परत घातली. “दोन महिने. दोन महिने मी तुझ्याशी धड बोललो नाही, गिऱ्हाइकं टाकून बोलली, आणि तू गप्प. त्याचं नाव राहावं म्हणून.”

लेआर्कोने कोटाची कॉलर कानांपर्यंत वर ओढली.

“तुझे आधीचे किती? अकरा?”

“अकरा.”

“लागतात कुठे अजून?”

“जुने सिनेमे आता गावोगाव, चर्चच्या हॉलमध्ये. शेजारच्या फिडेन्झात दर सोमवारी एखादा असतो. पण बाबा, प्रती झिजल्यात. आवाज तर पार गेलाय, नुसती खरखर. मालविसींचं एक अक्षर नीट ऐकू येणार नाही. तुम्हाला सोसवणार नाही ते.”

“सोमवारी माझं दुकान बंद असतं,” आर्दिलिओ म्हणाला. “आवाज नसला तरी चालेल. मला तुला बघायचंय.”